प्रलंबित अर्ज निष्फळ केव्हा ठरतो?

न्यायालयात मागितलेली दाद मिळण्यापूर्वीच तिचा विषय संपुष्टात आला, तर अर्ज ‘निष्फळ’ ठरतो. वकीलवर्गात यासाठी ‘इन्फ्रक्च्युअस’ हा शब्द रूढ आहे. अशा वेळी अर्जदाराची बाजू खरी की खोटी, यावर न्यायालय सहसा मत देत नाही. अर्जदार हरत नाही. पण त्याच्या हाती काही लागतही नाही.

नाशिककरांना हा प्रश्न नवा नाही. सिंहस्थाच्या साधुग्रामासाठी तपोवनातील झाडे तोडण्याच्या प्रस्तावावरून २०२५ च्या अखेरीस शहरात वाद उभा राहिला. अशा प्रकरणांत वेळेला सर्वाधिक महत्त्व असते, हे मुंबईतील आरे प्रकरणाने दाखवून दिले होते. उच्च न्यायालयाने ४ ऑक्टोबर २०१९ रोजी याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री वृक्षतोड सुरू झाली. सर्वोच्च न्यायालयाने ७ ऑक्टोबरला ती थांबविली, तोवर २,१४१ झाडे तोडून झाल्याचे मेट्रो कंपनीने जाहीर केले. त्या झाडांपुरती दाद उरली नव्हती.

इतर प्रकरणांतही असेच घडते. अटक झाल्यावर अटकपूर्व जामिनाचा अर्ज निरर्थक ठरतो आणि नियमित जामीन मागावा लागतो. लग्नासाठी मागितलेली परवानगी मुहूर्त टळल्यावर उपयोगाची नसते.

मात्र घटना घडून गेली म्हणजे प्रत्येक प्रकरण संपतेच असे नाही. दावा प्रलंबित असताना बांधकाम झाले, तर ते पाडण्याची मागणी करता येते. मनोहर जोशी यांच्या १९९० मधील दादरच्या निवडणुकीला दिलेल्या आव्हानावर सर्वोच्च न्यायालयाने ११ डिसेंबर १९९५ रोजी निकाल देऊन ती निवडणूक वैध ठरविली. त्या विधानसभेची मुदत तेव्हा संपलेली होती. निवडणुकीतील भ्रष्ट आचरण सिद्ध झाल्यास पुढील निवडणुका लढविण्यास अपात्रता येऊ शकते. त्यामुळे असा वाद मुदतीनंतरही जिवंत राहतो. पुढेही परिणाम करणारी दाद शिल्लक आहे काय, हीच खरी कसोटी होय.

म्हणून मूळ अर्जासोबतच तात्पुरत्या मनाई हुकुमाची मागणी करणे आणि तातडीचे कारण तारखेसह नमूद करणे हितावह ठरते. परिस्थिती बदलल्यास दुरुस्ती अर्ज देऊन भरपाई किंवा पूर्वस्थिती यांसारखी नवी मागणी जोडता येते.

निकाल विरोधात गेल्यास अधिक सावधगिरी हवी. दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार केवळ अपील दाखल केल्याने हुकमाच्या अंमलबजावणीस स्थगिती मिळत नाही. नाशिकहून उच्च न्यायालयात जायचे तर मुंबई गाठावी लागते. तेवढ्या अवधीसाठी स्थगितीची विनंती निकाल देणाऱ्या न्यायालयाकडेच तत्काळ करता येते. ती राहून गेल्यास अपील दाखल होईपर्यंत वादाचा विषयच नाहीसा झालेला असू शकतो.