आजारपणाच्या तक्त्याची कुळकथा

मृत्यूचा हिशेब आजारपणाच्या मानाने सोपा. माणूस एकदाच मरतो आणि तारखेबद्दल वाद नसतो. एडमंड हॅलीने १६९३ साली ब्रेस्लाऊ शहरातल्या नोंदींवरून मृत्यूचा तक्ता मांडला आणि आयुर्विम्याच्या गणिताला पाया मिळाला. आजारपण मात्र परत परत येतं, चार दिवस टिकतं किंवा चार वर्षं, आणि माणूस कामावर कधी परततो हे दुखण्याइतकंच घरातल्या गरजेवरही ठरतं. त्याचा भरवशाचा तक्ता व्हायला आणखी दीडशे वर्षं गेली. तो बांधला इंग्लंडमधल्या कामगारांच्या मंडळांनी, बड्या विमा कंपन्यांनी नव्हे, आणि याचं श्रेय त्यांना पुरेसं मिळालेलं नाही.

या मंडळांना फ्रेंडली सोसायट्या म्हणत. नेमाने थोडे पेन्स पेटीत टाकायचे, अंथरूण धरलं की ठरलेली रक्कम घ्यायची. वर्गणी बहुतेक ठिकाणी तरुणाला आणि पन्नाशीच्या माणसाला एकच. सभासद तरुण असेपर्यंत पेटी भरलेली दिसे. तेच सभासद बरोबरीने साठीला टेकले की पेटी आटे, नवे तरुण अशा मंडळात येत नसत, आणि जन्मभर वर्गणी भरलेला माणूस नेमका म्हातारपणी उघडा पडे. रिचर्ड प्राइसने अठराव्या शतकाच्या अखेरीस वयानुसार आजारपणाचे दर सुचवले, पण तो अंदाज होता. १८१९च्या कायद्याने मंडळांच्या दरांवर दोन जाणकार विमागणितींची संमती मागितली; त्यांच्या हाताशी मात्र पुरेसे आकडे नव्हते.

ते मिळाले ‘मँचेस्टर युनिटी ऑफ ऑडफेलोज’ या अशाच एका फ्रेंडली सोसायटीच्या वह्यांतून. १८४०च्या दशकात मध्यवर्ती मंडळाने शाखांकडे हिशेब मागितले, तेव्हा काही शाखा रागाने फुटून निघाल्या. तरीही सचिव हेन्री रॅटक्लिफने १८५० मध्ये वय, धंदा आणि खेडं-शहर असा भेद करून आजारपणाचे आठवडे मोजून दाखवले.

खरी झेप विमागणिती आल्फ्रेड वॉटसनची. याच युनिटीचा १८९३ ते १८९७ या पाच वर्षांचा अनुभव त्याने १९०३ मध्ये मांडला आणि दुखणं मुदतीनुसार तोडलं: पहिले तीन महिने, पुढचे तीन, त्यापुढचे सहा, दुसरं वर्ष आणि दोन वर्षांनंतरचं सगळं. तरुणांची दुखणी बहुतांशी पहिल्या रकान्यात संपतात, वृद्धांची शेवटच्या रकान्यात साचतात. सहा महिन्यांनंतर भत्ता निम्मा केला तर किती वाचेल, हे आता काढता येऊ लागलं. १९११च्या राष्ट्रीय विमा कायद्यात पुरुषांना २६ आठवडे दहा शिलिंग आणि नंतर पाच शिलिंग ठरले, ते याच पद्धतीच्या गणितावर.

पण वॉटसनचे आकडे पुरुषांचे होते. योजना सुरू होताच स्त्रियांचे, विशेषतः विवाहितांचे, दावे अंदाजापेक्षा कितीतरी वाढले. खोट्या आजारांची ओरड झाली आणि चौकशी समिती बसली. कामगार पुढारी मेरी मॅकार्थरने त्या समितीत वेगळं मत नोंदवलं: बाळंतपणाची, कमी मजुरीची आणि अर्धपोटी राहण्याची दुखणी खरीच होती.