राखणीवाचून शिजणारे अन्न : स्लो कुकरच्या इतिहासाची एक मीमांसा

अमेरिकेतील मध्यमवर्गीय घरांत गोमांसाचा ‘पॉट रोस्ट’ करण्याची रीत आज अतिशय सुलभ झालेली आहे. जनावराच्या खांद्याकडील राठ मांसाचा दीड-दोन किलोंचा तुकडा मीठमिरी लावून तव्यावर सर्व बाजूंनी तांबूस परतला जातो. विजेवर चालणाऱ्या मातीच्या भांड्यात तळाशी बटाटे, गाजरे व कांदे घालून त्यांवर तो ठेवतात, पेलाभर पाणी किंवा मांसाचा रस ओततात आणि झाकण लावून सकाळी घराबाहेर पडतात. आठ तासांनी परत यावे, तो मांस काट्याने सुटे होईल इतके मऊ झालेले असते. या अवधीत झाकण उघडावे लागत नाही, ढवळावे लागत नाही आणि करपण्याचे भयही फारसे नसते.

या सुलभतेचे शास्त्रीय कारण गहन नाही. सतत राबणाऱ्या स्नायूंत कोलॅजन नावाच्या चिवट द्रव्याचे प्रमाण अधिक असते. तीव्र आचेवर झटपट भाजल्यास असे मांस वातड होते. परंतु ओलसर उष्णतेत ते कित्येक तास राहिले, तर कोलॅजनचे जिलेटिनमध्ये रूपांतर होते व मांसाला मार्दव येते. स्वस्त मांस चविष्ट करण्यासाठी द्यावी लागणारी किंमत पैशाची नसून वेळेची असते. हा वेळ कोणी द्यावयाचा आणि तोपर्यंत अग्नीची राखण कोणी करावयाची, हा प्रश्न मात्र रसायनशास्त्राचा नसून समाजेतिहासाचा आहे. स्लो कुकरचा इतिहास सामान्यतः एका संशोधकाच्या कल्पकतेची कथा म्हणून सांगितला जातो. वस्तुतः तो अग्नीची राखण एका हातातून दुसऱ्या हातात कशी गेली, याचा इतिहास होय.

१

राखणीवाचून अन्न शिजवण्याच्या प्रश्नाचा अत्यंत सूक्ष्म असा प्राचीन विचार यहुदी धर्मशास्त्रात आढळतो. शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवारच्या रात्रीपर्यंत पाळल्या जाणाऱ्या शब्बाथात अग्नी पेटविण्यास व स्वयंपाक करण्यास मनाई आहे. कोकणातील बेने इस्रायल समाज याच नियमामुळे शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवी व त्यावरून ‘शनिवार तेली’ या नावाने ओळखला जाई. तथापि, आधी पेटविलेल्या अग्नीच्या उष्णतेचा लाभ घेता येईल काय, याविषयी मतभेद होता. आठव्या शतकानंतर उदयास आलेल्या कराइट पंथाने शब्बाथात घरात अग्नी जळत राहू देणेही निषिद्ध मानले. रब्बींच्या परंपरेने उलट भूमिका घेतली. त्यामुळे शनिवारी दुपारी ऊन अन्न खाणे हे केवळ सुख न राहता पंथनिष्ठेचे चिन्ह ठरले.

इ. स. २०० च्या सुमारास संकलित झालेल्या मिश्ना या संहितेच्या शब्बाथविषयक भागातील चौथा अध्याय या दृष्टीने लक्षणीय आहे. अन्नाचे भांडे कशात पुरून ठेवावे, याची त्यात चर्चा आहे. जैतुनाचा चोथा, शेणखत, मीठ, चुना आणि वाळू ही द्रव्ये वर्ज्य होत. वस्त्रे, धान्यफळे, कबुतराची पिसे व लाकडाचा भुसा यांना अनुज्ञा आहे. पहिल्या गटातील द्रव्ये स्वतः उष्णता वाढवितात, तर दुसऱ्या गटातील द्रव्ये असलेली उष्णता केवळ राखतात, असे या भेदामागील तत्त्व भाष्यकारांनी सांगितले आहे. उष्णतेची उत्पत्ती व उष्णतेचे रक्षण यांतील हा विवेक आधुनिक उष्णतारोधनाच्या विचाराशी जवळचा आहे, हे सहज ध्यानात येईल.

पूर्व युरोपातील गावांत या नियमातून एक सामाजिक संस्था निर्माण झाली. मांस, घेवड्याच्या बिया, सातू व पुढील काळात बटाटे घातलेले ‘चोलेंट’ नावाचे कालवण शुक्रवारी मडक्यात भरून भटारखान्यात पोहोचविले जाई. पाव भाजून झाल्यावर निवत चाललेल्या भट्टीत गावातील मडकी ओळीने लावीत आणि शनिवारी प्रार्थनेनंतर ज्याचे मडके त्याने घरी न्यावे, असा परिपाठ होता. येथे अग्नी सामायिक होता व त्याची व्यवस्था लावणारा भटारीही सामायिक होता.

२

अठराव्या शतकाच्या अखेरीस हाच प्रश्न काटकसरीच्या अंगाने युरोपातील विद्वानांपुढे आला. बव्हेरियाच्या सेवेत असलेला काउंट रम्फोर्ड हा उष्णताशास्त्रज्ञ म्युनिक येथील उद्योगगृहाच्या स्वयंपाकघरात इंधनाच्या बचतीचे प्रयोग करीत असे. बटाटे वाळविण्यासाठी बनविलेल्या यंत्रात त्याने एकदा मेंढीच्या खांद्याचे मांस ठेवले. तीन तासांत ते शिजले नाही, तेव्हा आच पुरेशी नाही असे समजून त्याने प्रयोग सोडून दिला. त्याच्या निबंधातील वृत्तान्तानुसार स्वयंपाकिणींनी ते मांस रात्रभर तसेच आत राहू दिले. सकाळी ते पूर्ण शिजलेले व विलक्षण रुचकर असे आढळले. मंदपाकाच्या इतिहासातील हा प्रसिद्ध प्रसंग रम्फोर्डच्या नावावर जमा आहे. परंतु प्रयोग पूर्णत्वास गेला तो ज्यांची नावे त्या वृत्तान्तात नाहीत अशा स्त्रियांच्या हातून.

एकोणिसाव्या शतकात अमेरिकेतील बोस्टन येथे या विचाराला उघड राजकीय वळण मिळाले. एडवर्ड अॅटकिन्सन या कापड-उद्योगाशी संबंधित गृहस्थाने दिव्याच्या ज्योतीवर तापणारी, उष्णतारोधक भिंतींची ‘अलादीन भट्टी’ तयार केली. कामगारांचे दारिद्र्य बऱ्याच अंशी त्यांच्या उधळ्या स्वयंपाकातून उद्भवते, महागडे मांस सोडून त्यांनी स्वस्त मांस मंद आचेवर शिजवावे, असे त्याचे प्रतिपादन होते. रसायनशास्त्रज्ञ एलन स्वॉलो रिचर्ड्स व मेरी हिनमन एबेल यांनी १८९० मध्ये बोस्टन येथे ‘न्यू इंग्लंड किचन’ सुरू केले, तेव्हा तेथे या भट्ट्यांचा उपयोग करण्यात आला. परंतु ज्या स्थलांतरित कामगारांसाठी हा खटाटोप होता, त्यांनी त्याकडे पाठ फिरविली. त्यांना आपापल्या देशचे अन्न हवे होते. स्वस्तात जगण्याचा उपदेश हा वेतन न वाढविण्याचा युक्तिवाद ठरेल, अशी शंका कामगार-नेत्यांनी घेतली. ती निराधार म्हणता येणार नाही. मंद आच हे तंत्र एकच असले तरी ते कोण कोणाला सुचवितो, यावर त्याचा अर्थ बदलतो.

३

याच सुमारास विस्तवाविना शिजविण्याची पेटीही प्रचारात येत होती. १८६७ च्या पॅरिस प्रदर्शनात नॉर्वेतील अशा पेटीने लक्ष वेधून घेतले होते. उकळी आलेले भांडे गवत किंवा लोकर भरलेल्या पेटीत बंद करावे व उरलेला पाक साठलेल्या उष्णतेवर होऊ द्यावा, ही तिची रीत मिश्नातील विधानापासून फारशी दूर नव्हती. विसाव्या शतकाच्या आरंभी अमेरिकेत तापविलेल्या दगडी चकत्या घातलेल्या अशा पेट्या विकल्या जाऊ लागल्या. १९०९ मध्ये त्यांच्यासाठी स्वतंत्र पाकपुस्तकही निघाले. दोन्ही महायुद्धांच्या काळात ब्रिटनमध्ये इंधनाच्या बचतीसाठी गवताच्या पेटीचा प्रचार करण्यात आला.

विजेच्या प्रसाराने हा प्रश्न नव्या रूपात मांडला. शिकागो येथील अभियंता आयर्विंग नाखुमसोन याने १९३६ मध्ये वेष्टनात विद्युत्-तारा बसविलेल्या पाकपात्रासाठी एकस्वाचा अर्ज केला व जानेवारी १९४० मध्ये त्याला एकस्व मिळाले. पुढे त्याने आपले आडनाव नॅक्सन असे केले. लिथुआनियातील विल्ना येथे भटारखान्यात चोलेंट ठेवण्याच्या आईने सांगितलेल्या आठवणींतून ही कल्पना सुचली, असे या कुटुंबात सांगितले जाते. कौटुंबिक स्मृती हा पुरावा सावधपणे वापरावा लागतो. तरीही भट्टीतील मडके आणि विजेचे भांडे यांतील साम्य नाकारता येत नाही.

‘नॅक्सन बीनरी’ या नावाने विकले जाणारे हे भांडे दीर्घकाळ दुर्लक्षितच राहिले. कॅन्सस सिटीच्या रायव्हल कंपनीने १९७० मध्ये नॅक्सनचा व्यवसाय विकत घेतला आणि १९७१ मध्ये तेच उपकरण ‘क्रॉक-पॉट’ या नावाने बाजारात आणले. १९७१ मधील सुमारे २० लाख डॉलरची विक्री १९७५ मध्ये ९ कोटी ३० लाखांवर गेल्याचे सांगितले जाते. तीन दशके उपेक्षित राहिलेल्या वस्तूला एकाएकी मागणी यावी, याचे कारण वस्तूत शोधून भागणार नाही. अमेरिकेतील सोळा वर्षांवरील स्त्रियांपैकी १९७० मध्ये सुमारे ४३ टक्के अर्थार्जनाच्या क्षेत्रात होत्या. १९८० पर्यंत हे प्रमाण ५१ टक्क्यांवर गेले. शब्बाथात जी अनुपस्थिती धर्माने लादली होती, ती आता कचेरीच्या वेळापत्रकाने लादली.

४

याच्या तुलनेत भारतीय शहरांतील अनुभव उद्बोधक आहे. येथे १९५९ पासून देशी बनावटीचे प्रेशर कुकर रुजू लागले; मुंबईतील हॉकिन्स कंपनीची स्थापना त्याच वर्षीची. दाबाखाली तापमान सुमारे १२० अंश सेल्सिअसपर्यंत चढते व तासांचे काम मिनिटांवर येते. डेनिस पापँ याने १६७९ मध्ये हाडे मऊ करण्यासाठी बनविलेल्या पात्राचा हा वारसा होय. एका यंत्राने वेळ आखडला, दुसऱ्याने तो लांबू दिला. परंतु प्रेशर कुकरजवळ शिट्ट्या मोजावयास कोणीतरी असावे लागते. जुन्या मराठी स्वयंपाकघरात चुलीच्या उरल्यासुरल्या आचेवर वैलावर ठेवलेली आमटी हीही अर्धवट राखणीतच शिजत असे. तेथे घरात कोणीतरी आहे हे गृहीतच होते.

स्लो कुकरने हे गृहीत बाजूला सारले, एवढे त्याचे श्रेय निर्विवाद आहे. मात्र त्याने गृहिणीचे श्रम कितपत कमी केले, हा वेगळा प्रश्न आहे. रूथ श्वार्ट्झ कोवान यांनी १९८३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात असे दाखविले की, घरगुती यंत्रांनी लाकूड फोडण्यासारखी पुरुषांची व मुलांची कामे नाहीशी केली. गृहिणीचा वेळ मात्र त्या मानाने वाचला नाही. पॉट रोस्टच्या बाबतीतही मांस आणणे, भाजी चिरणे, ते परतणे व जड भांडे घासणे ही कामे शिल्लकच राहतात. त्यांतील बरीचशी संध्याकाळऐवजी पहाटेच्या घाईत करावी लागतात, एवढेच.

शिवाय या परिवर्तनात एक गोष्ट गमावलीही गेली. विल्नाच्या भटारखान्यात अनेक घरांची मडकी एका अग्नीवर शिजत. नव्या व्यवस्थेत प्रत्येक घराचा अग्नी निराळा झाला आणि प्रत्येक घरी पहाटे भाजी चिरणारे हातही निराळे झाले. राखणीवाचून अन्न कधीच शिजले नव्हते. भटारी, म्युनिकच्या स्वयंपाकिणी आणि आता वीजकेंद्रावरील कामगार यांपैकी कोणीतरी जागेच असते. एकस्वावर ज्याचे नाव आहे, त्याच्या पलीकडे जाऊन या जागणाऱ्यांचा शोध घेतल्यावाचून पाकतंत्राचा इतिहास पूर्ण होणार नाही.