चपट्या कृमींची नावे आणि गार्डन रीचचा नदीकाठ : परिभाषेच्या इतिहासातील एक प्रकरण

कोलकात्याच्या दक्षिणेस हुगळीच्या डाव्या तीरावर गार्डन रीच ही वस्ती आहे. ‘रीच’ हा मूळचा नौकानयनातील शब्द. नदीच्या दोन वळणांमधील सरळ पट्टा, हा त्याचा अर्थ. या पट्ट्यावर युरोपियनांचे बागायती बंगले उभे राहिले आणि खलाशांनी आपल्या सोयीसाठी दिलेले नाव गावाचे नाव झाले. बंगालीत वा मराठीत त्याचे भाषांतर झाले नाही; ते उच्चारासह उचलले गेले. लगतच्या मटियाबुर्जचे नाव मात्र मातीच्या बुरुजाचे वर्णन करते. पदच्युत नवाब वाजिद अली शाह १८५६ साली येथे आले आणि १८८७ मध्ये येथेच निवर्तले. गार्डन रीच आणि मटियाबुर्ज या शेजारच्या दोन नावांत नामकरणाच्या दोन रीती दिसतात : एक नाव दुरून आलेले व अपारदर्शक, दुसरे जवळून पाहिलेले व वर्णनपर. वैज्ञानिक परिभाषेचा इतिहासही बव्हंशी या दोन रीतींमधील ताणाचा इतिहास आहे.

या नदीकाठाशी तो इतिहास जोडण्यास कारण आहे. समोरच्या तीरावर शिवपूर येथे १७८७ साली वनस्पती उद्यान स्थापन झाले आणि द्विनाम पद्धतीची लॅटिन नावे या पाण्यावरून जगभर जाऊ-येऊ लागली. अलीकडच्या तीरावर १८८४ साली एक लहान जहाजदुरुस्ती कारखाना निघाला, १८९२ मध्ये खिदिरपूरची गोदी आणि १९२९ मध्ये किंग जॉर्ज गोदी सुरू झाली. खलाशी, सुतार, हमाल यांची वर्दळ हे या भागाचे जीवन होते. मराठी वाचकाला हे नाव आणखी एका वाटेने परिचित आहे. नागपूरला बंगालशी जोडणाऱ्या बंगाल नागपूर रेल्वेचे मुख्यालय गार्डन रीचला होते. पुढे दक्षिण पूर्व रेल्वेचेही तेथेच राहिले, आणि २००३ साली दक्षिण पूर्व मध्य रेल्वे कार्यान्वित होईपर्यंत नागपूरच्या एका रेल्वे मंडळाचा कारभार तेथून चाले. माणसे, माल आणि शब्द एकाच मार्गाने प्रवास करतात. माणसाच्या शरीरातील परजीवी कृमीही त्याच मार्गाने जातात. गोड्या पाण्याशी जीवनचक्र बांधलेल्या चपट्या कृमींच्या नावांत हा प्रवास कसा नोंदला गेला आणि त्यातून काय वगळले गेले, याचा विचार येथे करावयाचा आहे.

१. आकार, कृती आणि स्थान

कृमींना नावे देण्याची भारतीय परंपरा जुनी आहे. चरकसंहितेच्या विमानस्थानात कृमींचे २० प्रकार सांगितले आहेत. केशाद, लोमाद, अन्त्राद, हृदयाद, उदरावेष्ट, दर्भपुष्प ही त्यांतील काही नावे. कृमी काय खातो, कोठे वेढा घालतो, कशासारखा दिसतो, एवढेच ही नावे सांगतात. काही कृमी पांढरे व रुंद पट्ट्यासारखे, तर काही गांडुळासारखे, असा आकारभेदही तेथे आहे. तो प्रथम कोणी पाहिला किंवा कोणाच्या शरीरात सापडला, याला या नावांत स्थान नाही.

युरोपीय नामावलीचा आरंभही वर्णनातूनच झाला. लिनियसने १७५८ मध्ये यकृतातील कृमीला ‘फॅसिओला हेपॅटिका’ म्हटले. फॅसिओला म्हणजे लहान पट्टी, हेपॅटिका म्हणजे यकृताची. म्यूलरने १७७६ मध्ये ‘प्लॅनेरिया’ हे नाव सपाटपणावरून दिले. एरेनबर्गने १८३१ मध्ये ‘टर्बेलॅरिया’ हे वर्गनाम योजिले. अंगावरील सूक्ष्म रोमांच्या हालचालीने पाण्यात उठणारी बारीक खळबळ त्यात सूचित आहे. इंग्रजीतील ‘फ्ल्यूक’ हा तर मेंढपाळांच्या बोलीतला शब्द, आणि तो मुळात एका चपट्या माशाचा वाचक आहे. आकारावरून आकार सुचणे ही सर्व भाषांची सामाईक वृत्ती दिसते.

या वृत्तीला एक मर्यादाही आहे. भाषा प्रायः त्यालाच नाव देते, ज्याचा उपद्रव डोळ्यांना दिसतो. दूषित पाण्यातून होणाऱ्या नारूला मराठीत स्वतःचे नाव होते, कारण तो त्वचेतून बाहेर येई. नारू गोल कृमींपैकी आहे. २००० साली भारत त्यातून मुक्त झाल्याचे जाहीर झाले आणि रोग गेल्यावरही शब्द राहिला. उलट दगडाखाली राहणारा, कोणालाही न छळणारा प्लॅनेरिया मराठीत प्रयोगशाळेच्या दारातून, परके नाव घेऊनच आला. यकृतात वा आतड्यात दडून राहणारे चपटे कृमीही ‘जंत’ या सर्वसमावेशक शब्दात विरून गेले. त्यांना स्वतंत्र ओळख मिळाली ती शवविच्छेदनाच्या टेबलावर.

२. खलाशी आणि सुतार

१८४३ साली लंडनजवळ टेम्स नदीत नांगरलेल्या ‘ड्रेडनॉट’ या खलाशांच्या रुग्णालय-जहाजावर एक भारतीय खलाशी मरण पावला. शल्यवैद्य जॉर्ज बस्क यांना त्याच्या आतड्याच्या आरंभभागात मोठे चपटे कृमी आढळले. १८५७ मध्ये एडविन लँकेस्टर यांनी त्यांना ‘डिस्टोमा बस्की’ असे नाव दिले. हे नाव स्वतंत्र ग्रंथात नव्हे, तर क्यूखेनमाइस्टर यांच्या जर्मन ग्रंथाच्या इंग्रजी भाषांतराला जोडलेल्या मजकुरात अवतरले. भाषांतराच्या परिघावर जन्मलेली ही संज्ञा तुलनाकारांनी आवर्जून लक्षात घ्यावी अशी आहे. पुढे ती ‘फॅसिओलॉप्सिस बस्की (लँकेस्टर, १८५७)’ अशी स्थिरावली.

येथील कंस शोभेचा नाही. जातीचे प्रजातिनाम नंतर बदलले गेले असेल, तर मूळ नामकर्त्याचे नाव कंसात लिहावे, असा प्राणिशास्त्राचा नियम आहे. पाठचिकित्सेत जसे पाठभेद नोंदले जातात, तसा हा कंस नावाच्या पूर्वावस्थेचा पुरावा जपतो. नामकर्ता कंसात आहे, शल्यवैद्य जातिनामात आहे. ज्याच्या देहात कृमी वाढला तो खलाशी कोठेच नाही. इंग्रजी नोंदींत तो ‘लास्कर’ एवढ्या एका सामान्यनामाने उरतो. हा शब्दही फिरून आलेला : फारसीतील लश्कर म्हणजे सैन्य, मराठीत लष्कर सैन्यच राहिले, इंग्रजीत मात्र त्याच मुळापासून आशियाई खलाशाचा वाचक शब्द झाला. तेव्हा इंग्रजी नोंद मराठीत आणताना ध्वनिसाम्याने ‘लष्कर’ म्हणणे चुकीचे ठरेल. ‘खलाशी’ हाच शब्द योग्य, आणि खिदिरपूर-गार्डन रीचप्रमाणे कोकणच्या किनाऱ्यालाही तो आपला आहे.

दुसरे प्रकरण खुद्द कलकत्त्यातील. १८७४ साली कलकत्ता मेडिकल कॉलेजात जेम्स मॅककॉनेल यांना एका तरुण चिनी सुताराच्या शवविच्छेदनात पित्तनलिकांमध्ये कृमी सापडले. बंदराच्या या शहरात चिनी सुतारांची कसबी कारागीर म्हणून ख्याती होती. १८७५ मध्ये हे वृत्त प्रसिद्ध झाले आणि त्याच वर्षी कॉबोल्ड यांनी ‘डिस्टोमा सिनेन्से’, म्हणजे ‘चीनचा’, असे नाव दिले. लूस यांनी १९०७ मध्ये ‘क्लोनॉर्किस’ ही प्रजाती वेगळी केली.

‘चीनचा’ हे विशेषण १८७५ साली कशाचे वर्णन करीत होते? तेव्हा कृमीचे जीवनचक्र अज्ञात होते. गोड्या पाण्यातील गोगलगायी आणि मासे यांच्याद्वारे तो माणसात येतो, हे विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात प्रामुख्याने जपानी संशोधकांच्या कामातून उलगडले. म्हणजे नाव देताना हाती होते ते मृताचे राष्ट्रीयत्व. कृमीचा भूगोल नव्हे. पुढे चीनसह पूर्व आशिया हेच त्याचे क्षेत्र ठरले आणि नाव योग्य निघाले. पण ते योग्य निघाले म्हणून त्यामागील तर्क योग्य ठरत नाही. माणसाच्या वंशावरून परजीवीचे स्थान ठरविण्याची ती सवय होती. १८७६ मध्ये लुईस व मॅककॉनेल यांनी वर्णिलेल्या ‘अ‍ॅम्फिस्टोमा हॉमिनिस’ या नावाने ‘माणसाचा’ असा निर्वाळा दिला. पुढे हाच कृमी डुकरांमध्येही राहतो, हे स्पष्ट झाले. वर्णनपर दिसणारे विशेषणही अनेकदा नमुना हाती आला त्या प्रसंगाचीच नोंद असते.

३. नावाऐवजी क्रमांक

अपुऱ्या ज्ञानावर नाव न देण्याचा पर्यायही याच शहरात वापरला गेला. १९१६ साली कलकत्त्यात भारतीय प्राणी सर्वेक्षण संस्था स्थापन झाली. नेल्सन अ‍ॅनंडेल तिचे पहिले संचालक. पहिल्या महायुद्धात पश्चिम आशियात गेलेल्या सैनिकांबरोबर शिस्टोसोमा हा रक्तवाहिन्यांतील चपटा कृमी भारतात येईल काय, हा प्रश्न तेव्हा निकडीचा होता. केम्प आणि ग्रेव्हली यांनी १९१९ मध्ये त्यावर लिहिले. त्यामुळे गोड्या पाण्यातील गोगलगायी आणि त्यांतून बाहेर पडणारे शेपटीयुक्त डिंभ, म्हणजे सर्केरिया, यांच्याकडे लक्ष वळले. १९२२ साली सीमोर सेवेल यांचा ‘सर्केरी इंडिकी’ हा ग्रंथ प्रसिद्ध झाला.

त्यातील अनेक डिंभांना सेवेल यांनी जातिनामे दिली नाहीत, रोमन क्रमांक दिले. डिंभ कोणत्या प्रौढ कृमीचा हे कळेपर्यंत त्याचे खरे नाव सांगता येत नाही; घाईने दिलेले नाव पुढे दुसऱ्या नावाशी भांडते. क्रमांक ही येथे रिकामी ठेवलेली जागा आहे. परिभाषेच्या इतिहासात अशा रिकाम्या जागांनाही मूल्य असते, कारण तेथे अज्ञानाला ज्ञानाचा वेष दिला जात नाही.

या प्रश्नाचा पुढील धागा महाराष्ट्रात येतो. १९५२ साली गाडगीळ आणि शाह यांनी रत्नागिरी जिल्ह्यातील गिमवी या गावी मानवी शिस्टोसोमा रोगाचे केंद्र नोंदविले. ‘फेरिसिया टेन्युइस’ ही गोड्या पाण्यातील लहानशी गोगलगाय त्या संदर्भात चर्चिली गेली. ज्या रोगाची वाट युद्धावरून परतणाऱ्या सैनिकांबरोबर पाहिली जात होती, तो कोकणातील एका गावात आढळला. लंडनच्या जहाजावर ‘बस्की’ झालेला कृमीही मराठी मुलखाला परका नव्हता. पालघर तालुक्यातील त्याच्या प्रादुर्भावाचा अभ्यास १९७२ साली प्रसिद्ध झाला. शिंगाड्यासारख्या पाणवनस्पतींवर त्याचे डिंभ कोश करून राहतात आणि कच्चे शिंगाडे दातांनी सोलण्याच्या सवयीतून ते माणसात येतात. प्रतिबंधाच्या दृष्टीने शिंगाडा हा शब्द ‘बस्की’पेक्षा अधिक बोलका आहे.

४. मराठी संज्ञांची निवड

या पार्श्वभूमीवर मराठी परिभाषेकडे पाहता तिची घडण तीन प्रकारची दिसते. ‘पृथुकृमी’ ही संस्कृतनिष्ठ घडण. चरकाच्या वर्णनातील ‘पृथु’ तिच्यात पुन्हा भेटतो. ‘चपटे कृमी’ ही बोलभाषेला जवळची, शालेय पुस्तकांत रुजलेली घडण. बंगालीतील ‘चॅप्टा कृमी’ तिची सख्खी बहीण. ‘प्लॅनेरिया’ हा थेट स्वीकार. एका संज्ञेच्या बाबतीत मात्र दोन्ही भाषांच्या वाटा वेगळ्या झाल्या. मराठीतील ‘फीत’ आणि बंगालीतील ‘फिता’ हे दोन्ही शब्द पोर्तुगीजांकडून आलेले. बंगालीने त्यापासून ‘फिताकृमी’ केला. मराठीने हाताशी असलेली फीत सोडून ‘पट्टकृमी’ निवडला. घरात रुळलेला परका शब्द एका भाषेला शास्त्रासाठी पुरेसा वाटला, दुसरीला वाटला नाही. ही निवड शास्त्राने केलेली नाही. ती त्या त्या भाषेच्या प्रतिष्ठेच्या कल्पनेने केली आहे.

अर्थानुवादाचा आग्रह कोठे फसतो, याचे उदाहरण ‘डिस्टोमा’ देतो. त्याचा अर्थ दोन मुखांचा. प्रत्यक्षात त्यांतील एकच मुख आहे; दुसरे पकड घेण्याचे चूषक. युरोपीय नामावलीने हे नाव कालांतराने मागे टाकले. त्या काळी कोणी ‘द्विमुखी’ असा शब्द घडविला असता, तर मूळ भाषेने सोडलेली चूक मराठीत घर करून राहिली असती. अपारदर्शक नावातील चूक झाकलेली राहते. अनुवादित नावातील चूक विद्यार्थ्याला ज्ञान म्हणून शिकविली जाते. म्हणून द्विनाम हे विशेषनामासारखे, ध्वनीसह, देवनागरीत घ्यावे आणि मराठी संज्ञा निरीक्षणावरून स्वतंत्रपणे घडवावी, ही विभागणी सर्वांत निर्दोष ठरते. ‘यकृतकृमी’ हा शब्द कोणत्याही राष्ट्राला वा वंशाला रोगाचे पालकत्व देत नाही, कोणाचे स्मारकही उभारीत नाही. कृमी कोठे राहतो, एवढे तो सांगतो.

तथापि वर्णनपर मराठी संज्ञेनेही एक उणीव भरून निघत नाही. लॅटिन नाव शोधकाला स्मरते, मराठी नाव अवयवाला. खलाशी आणि सुतार दोहोंच्या बाहेर राहतात. नामावलीचे नियम बदलून ही उणीव दूर होणार नाही आणि तशी अपेक्षाही नियमांकडून करता येत नाही. हे काम इतिहासाचे आहे. नावापुढील कंस, त्यातील वर्ष, मागे पडलेले प्रजातिनाम आणि ‘सिनेन्सिस’सारखे विशेषण यांचे वाचन एखाद्या संहितेप्रमाणे केले, तर त्या दोन देहांपर्यंत पोहोचता येते. गार्डन रीचसारख्या नदीकाठांचा अभ्यास परिभाषेच्या इतिहासाला आवश्यक ठरतो, तो याच कारणाने.