जी.टी.के. आणि मराठीतील अर्धा र

मिरजेहून पुण्याकडे जाणाऱ्या लोहमार्गावर पलूस तालुक्यातील किर्लोस्करवाडी हे स्थानक लागते. तेथून ताकारी, भवानीनगर, शेणोली ही स्थानके मागे टाकली की कराड येते. जुन्या छापील मराठीत हेच नाव ‘कऱ्हाड’ असे आढळते. त्यातील पापणीसारख्या वळणाचा अर्धा र हा मराठीचा विशेष होय. हिंदीस त्याची गरज पडत नाही. मराठीत मात्र त्यावाचून अर्थ बिघडतो. ‘दर्या’ म्हणजे समुद्र आणि ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधील खोल भाग. ‘आचार्यास’ आणि ‘आचाऱ्यास’ यांतील भेद तर प्रत्येक मराठी शिक्षकाने फळ्यावर लिहून दाखविलेला असतो. हे एक अक्षर संगणकाच्या पडद्यावर कसे आले, याचा इतिहास पाहू लागलो म्हणजे आपण एका मुक्तस्रोत लायब्ररीच्या इतिहासात जाऊन पोचतो.

किर्लोस्करवाडीचा उल्लेख केवळ वाटेवरचे स्थानक म्हणून केलेला नाही. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० साली औंध संस्थानच्या हद्दीत ही कारखान्याची वसाहत उभारली आणि १९२० साली तेथूनच शंकरराव किर्लोस्करांचे ‘किर्लोस्कर खबर’ हे मासिक निघू लागले. त्या काळी खिळे जुळवून छापण्याची रीत होती. अर्ध्या र चा खिळा जुळाऱ्याच्या हाताशी असला म्हणजे प्रश्न मिटत असे. नसला तर तो मागवावा लागे. अक्षर हे तेव्हा हातात धरता येणारी वस्तू होते. संगणकात तशी वस्तू नसते. तेथे अक्षरांचे क्रमांक साठविलेले असतात आणि त्या क्रमांकांवरून आकृती काढण्याचे काम दुसऱ्याच कोणाला तरी करावे लागते.

हे काम करणाऱ्या आज्ञावलींच्या तयार संचास ‘लायब्ररी’ म्हणतात. खिडकी, कळ, मजकुराची चौकट या गोष्टी प्रत्येक कार्यक्रमकाराने नव्याने रचू नयेत, हा तिचा हेतू. बर्कली येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात पीटर मॅटिस आणि स्पेन्सर किंबल या दोन विद्यार्थ्यांनी १९९५ साली ‘गिम्प’ नावाचा चित्रसंपादक रचावयास घेतला. त्यासाठी प्रथम त्यांनी ‘मोटिफ’ हा संच वापरला. पण त्याचा परवाना विकत घ्यावा लागे. म्हणून मॅटिस यांनी स्वतःचाच संच लिहिला. ‘गिम्प टूलकिट’ ऊर्फ जी.टी.के. तो हाच. त्याची १.० ही आवृत्ती १९९८ साली निघाली. पुढे तो विंडोज व मॅक या प्रणालींवरही चालू लागला. परवान्याच्या अडचणीतून जन्मलेला हा संच कोणासही वाचावयास, बदलावयास व वाटावयास मोकळा ठेवण्यात आला, आणि आपल्या विषयाच्या दृष्टीने हीच त्यातील महत्त्वाची गोष्ट आहे.

आरंभीच्या जी.टी.के.मध्ये भारतीय लिपींची जोडाक्षरे लावण्याची सोय नव्हती. ती आली मार्च २००२ मधील २.० या आवृत्तीबरोबर, ‘पँगो’ या सोबतच्या लायब्ररीमुळे. ओवेन टेलर हे तिचे प्रमुख कर्ते. पँगो हे नावच ग्रीक ‘पॅन’ म्हणजे सर्व आणि जपानी ‘गो’ म्हणजे भाषा या दोन शब्दांचे बनलेले आहे. पँगो मजकुराचे लिपीनुसार व भाषेनुसार तुकडे पाडते. मग ‘हार्फबझ’ ही दुसरी लायब्ररी फाँटमधील कोष्टके पाहून कोणत्या क्रमांकांस कोणती आकृती द्यावयाची ते ठरवते. शेवटी ‘कैरो’ ही रेखांकनाची लायब्ररी ती आकृती पडद्यावर किंवा छपाईच्या पानावर उमटवते. २००४ साली रेड हॅटने ‘लोहित’ फाँट मुक्त परवान्याखाली दिले. फाँट खुला, नियम लावणारी यंत्रणा खुली. त्यामुळे ‘कऱ्हाड’ चुकीचा दिसला तर दोष कोठे आहे हे कोणाही अभ्यासकास तपासता येऊ लागले.

तथापि ‘सर्व प्रणालींवर चालणारी’ या विशेषणाने वाचकाने फार हुरळून जाऊ नये. कित्येक वर्षे पँगो विंडोजवर विंडोजच्याच आणि मॅकवर मॅकच्याच अक्षरयोजनेचा आधार घेत असे. एकच कार्यक्रम, एकच मराठी शब्द, आणि त्यास आकार देणारे तीन निरनिराळे कारागीर! २०१९ सालच्या १.४४ या आवृत्तीपासून मात्र सर्वत्र हार्फबझकडेच हे काम आले.

खरी मेख मात्र याच्याही पलीकडे आहे. युनिकोडच्या प्रमाणात अर्ध्या र चे दोन मार्ग मान्य आहेत. एकात ‘ऱ’ या नुक्तायुक्त र पुढे हलन्तचिन्ह येते. ही रीत भारतीय प्रमाणाशी सुसंगत आहे. दुसऱ्यात साध्या र पुढे हलन्तचिन्ह आणि त्यापुढे एक अदृश्य जोडचिन्ह येते; ती युनिकोडच्या २.० आवृत्तीशी मेळ राहावा म्हणून ठेवली आहे. लायब्ररी दोहोंची आकृती एकच काढते. डोळ्यास भेद दिसत नाही, पण यंत्राच्या लेखी ते दोन भिन्न शब्द राहतात, आणि युनिकोडचे सामान्यीकरणही त्यांना एक मानत नाही.

इतिहासाच्या अभ्यासकास ही बाब तांत्रिक म्हणून बाजूस सारता येणार नाही. सातारा–सांगली भागातील कागदपत्रे कोणी टंकलिखित करून ठेवली आणि त्यांत ‘कऱ्हाड’ शोधू गेले, तर एका रीतीने लिहिलेली सर्व पाने दुसऱ्या रीतीने विचारणाऱ्यास सापडणार नाहीत. शोधाने जोडचिन्हाकडे दुर्लक्ष करावे, असा उपाय सुचविला जातो. प्रस्तुत लेखकास तो पटत नाही. तसे केल्यास दुसऱ्या रीतीने लिहिलेल्या ‘दऱ्या’ आणि ‘दर्या’ एक होतात, आणि पहिल्या रीतीचे शब्द तरीही बाहेरच राहतात. संग्रह करतानाच सर्व मजकूर पहिल्या रीतीत आणून ठेवावा, मूळ प्रत जशीच्या तशी वेगळी जपावी आणि कोणते बदल केले त्याची नोंद संग्रहासोबत द्यावी. ‘कराड’ हे रूप मात्र कशानेही त्यात विलीन होणार नाही. त्याचा शोध स्वतंत्रपणेच घ्यावा लागेल.