मेर्सेबुर्गचा लंगडा घोडा

फुटबॉल खेळताना आमच्या चिरंजिवांचा पाय मुरगळला. डॉक्टरांनी बर्फ, पट्टी आणि दोन आठवडे सक्तीची विश्रांती सांगितली. संध्याकाळी व्हिडिओ कॉलवर साताऱ्याहून आजींनी वेगळाच उपाय सुचवला. "तिकडे कुणी पायाळू नाही का रे? पाय लावून घ्या." पायाळू म्हणजे जन्मताना आधी पाय बाहेर आलेला माणूस, आणि उसण भरली किंवा पाय मुरगळला की त्याचा पाय लावून घ्यायचा, हे मुलाला जर्मनमध्ये समजावताना माझी तारांबळ उडाली. त्याने साहजिकच विचारलं, "जर्मन लोकांकडे असलं काही नसतं का?"

असतं, किंवा निदान होतं. लाइपझिगपासून फार लांब नसलेल्या, झाले नदीकाठच्या मेर्सेबुर्ग गावात त्याचा पुरावा जपून ठेवलेला आहे.

१८४१ साली गेओर्ग वाइट्झ हे इतिहासकार तिथल्या कॅथेड्रलच्या ग्रंथालयात जुनी हस्तलिखितं चाळत होते. लॅटिन प्रार्थनांच्या एका पोथीत कोऱ्या राहिलेल्या पानावर त्यांना जुन्या जर्मन भाषेतल्या काही ओळी दिसल्या. दहाव्या शतकात कुणीतरी, बहुधा एखाद्या साधूनेच, तिथे दोन मंत्र लिहून ठेवले होते. पहिला कैद्याच्या बेड्या सुटाव्यात म्हणून, दुसरा घोड्याचा मुरगळलेला पाय बरा व्हावा म्हणून. त्यांत येशूचं नाव नाही, जुने देव आहेत. ख्रिस्ती पोथीत ते कुणी आणि का लिहिले, याचं उत्तर आजही नाही.

दुसऱ्या मंत्राची रचना पाहण्यासारखी आहे. आधी गोष्ट येते. फोल आणि वोडान हे देव घोड्यांवरून रानात निघाले आणि वाटेत एका घोड्याचा पाय मुरगळला. सुन्ना, फ्रिया अशा देवींनी एकेक करून मंत्र म्हटला आणि शेवटी स्वतः वोडानने म्हटला. मग येतो खरा मंत्र: हाडाला हाड, रक्ताला रक्त, अवयवाला अवयव चिकटवल्यासारखे जुळोत, अशा अर्थाचा. म्हणजे गावातल्या घोड्याचा पाय थेट बरा करायचा नाही. आधी देवांच्या घोड्याची गोष्ट सांगायची आणि त्या गोष्टीच्या जोरावर इथला पाय जुळवायचा. अभ्यासक अशा छोट्या कथेला 'हिस्टोरिओला' म्हणतात. आपल्याला हे नवीन वाटू नये. श्रावणी शुक्रवारी जिवतीची कहाणी हातात अक्षता घेऊन ऐकणाऱ्या घरात वाढलेल्याला ठाऊक असतं की कहाणी ही करमणूक नसते. तिच्यात जसं घडलं तसं आपल्या घरी घडावं, म्हणून ती सांगायची.

याकोब ग्रिम यांनी हे मंत्र १८४२ साली बर्लिनच्या अकादमीपुढे मांडले. परीकथांमुळे आपल्याला माहीत असलेले हे ग्रिम जर्मन पुराणकथांचे तुकडे वर्षानुवर्षं गोळा करत होते. तेव्हा जर्मनी हा एक देश नव्हता, तो १८७१ साली झाला. एका भाषेच्या लोकांची एक जुनी गोष्ट होती हे दाखवणं विद्वानांना तातडीचं वाटत होतं. वाइट्झना सापडलेल्या पानाने त्या मोडक्या गोष्टीचं एक हाड जुळलं.

यानंतर आपला संबंध येतो. रुडॉल्फ रोट आणि अमेरिकन विद्वान विल्यम व्हिटनी यांनी संपादित केलेली अथर्ववेदाची संहिता १८५६ पर्यंत बर्लिनमध्ये छापून झाली. तिच्या चौथ्या कांडातलं बारावं सूक्त मोडलेल्या हाडासाठी आहे. त्यात रोहणी नावाच्या वनस्पतीला आवाहन आहे. मज्जेला मज्जा, कातडीला कातडी, मांसाला मांस जुळो अशी विनवणी आहे. आणि ऋभू रथाचे भाग जोडतो तसे सांधे जोडले जावेत असं म्हटलं आहे. १८६४ साली बर्लिनच्या आडालबर्ट कून यांनी हे सूक्त आणि मेर्सेबुर्गचा मंत्र शेजारी ठेवून दाखवले. पुढे सायणभाष्यासह अथर्ववेद छापला गेला तो मुंबईत, १८९५ ते १८९८ दरम्यान. संपादक होते शंकर पांडुरंग पंडित. १८९४ सालीच त्यांचं निधन झाल्याने ग्रंथ पुरा झालेला त्यांना पाहता आला नाही.

आता दोन्ही मंत्र एकाच प्राचीन परंपरेतून आले का? काही अभ्यासक हो म्हणतात. दुसरे म्हणतात, मोडलेलं हाड पाहून कुठलाही माणूस 'हाडाला हाड लागो' असंच म्हणेल. शिवाय अथर्ववेदातल्या सूक्तात घोड्याची गोष्टच नाही. उलट ट्रिअर येथील जुन्या जर्मन मंत्रात गोष्ट आहे, पण घोडा संत स्टीफनचा आणि बरा करणारा येशू. स्कॉटलंडच्या उत्तरेला शेटलंड बेटांवर मुरगळलेल्या पायाला नऊ गाठींचा काळा लोकरी दोरा बांधून असाच मंत्र म्हणत. देव बदलले, लंगडा घोडा राहिला.

ही माहिती आपल्या कुटुंबांच्या ग्रुपवर पाठवली, तर दहा मिनिटांत 'सगळं मूळ आपल्याच वेदांत' असं उत्तर येईल. तिथे मला थोडं थांबावंसं वाटतं. मोडलेल्या गोष्टी जुळवण्याची ही विद्या या देशात एकदा फार वाईट जुळली. भाषांच्या अभ्यासातला 'आर्य' शब्द वंशाच्या राजकारणात गेला आणि एप्रिल १९३३ मध्ये 'आर्य नसलेल्या' सरकारी नोकरांना काढून टाकणारा कायदा झाला. पुढचं सर्वांना माहीत आहे. चुकीचं बसलेलं हाड पुन्हा मोडल्याशिवाय नीट बसत नाही, असं हाडवैद्य सांगतात. जर्मनीने ते किती यातनांनी केलं, हे इथे शाळेत जाणाऱ्या आपल्या मुलांना आपल्यापेक्षा जास्त कळतं.

म्हणून मुलाला मी एवढंच सांगितलं की हजार वर्षांपूर्वी इथल्याही कुणाचा घोडा लंगडत होता, आणि तोही तुझ्या आजीसारखाच हातातलं सगळं करून पाहत होता.

त्याने शेवटी विचारलं, "मग घोडा चालला का?"

मंत्रात ते नाहीच. आपल्या कहाण्या संपताना सुफळ संपूर्ण होतात. हा मंत्र 'जुळो' म्हणून थांबतो. घोड्याचं पुढे काय झालं ते सांगत नाही. मी तसं सांगितल्यावर त्याने पट्टीतली बोटं हलवून पाहिली, आणि आजींना फोन लावायला सांगितला.