मुंबईचा ताऊन आणि एडिंबरोची रेषा

कोरोनाच्या दिवसांत ‘कर्व्ह’ हा शब्द आमच्या देवळ्याच्या कांदा मार्केटपर्यंत पोहोचला होता. टीव्हीवर रोज एक फुगीर रेषा दिसायची आणि ती खाली कधी येणार यावर ओट्यावर बसलेली माणसे वाद घालायची. ही रेषा मुळात काढली कोणी, हे शोधायला मी तेव्हा बसले. मी काही गणिताची शिक्षिका नाही, बी.एड.ला माझे विषय उर्दू आणि मराठी. तरीही वाचत गेले, कारण शोधता शोधता थेट मुंबई निघाली.

१९२७ मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात विल्यम केरमॅक आणि अँडरसन मॅकेंड्रिक या दोघांचा एक निबंध छापून आला. विषय होता साथीच्या रोगांचे गणित. आज जगात कुठेही साथीचे मॉडेल तयार होते तेव्हा त्याच्या पायाशी बहुतेक वेळा हाच निबंध असतो. या निबंधात समीकरणे पुष्कळ आहेत, पण ती खऱ्या आकड्यांशी ताडून पाहण्यासाठी त्यांनी जो आलेख दिला तो मुंबई बेटावर प्लेगने मेलेल्या माणसांचा. १७ डिसेंबर १९०५ ते २१ जुलै १९०६, आठवड्यागणिक मृत्यू. ठिपके खऱ्या मृत्यूंचे, आणि त्यांतून जाणारी रेषा गणिताने काढलेली. ठिपके त्या रेषेवर असे चपखल बसतात की बघणारा थक्क होतो. एप्रिलच्या मध्याला रेषा शिखरावर पोहोचते तेव्हा आठवड्याला जवळजवळ नऊशे मृत्यू होत होते. त्या समीकरणाने संपूर्ण हंगामाची बेरीज केली तर ती नऊ हजारांच्या आसपास जाते.

उर्दूत प्लेगला ताऊन म्हणतात. माझी नानी मालेगावची. तिच्या घरी घटना सांगताना सन कोणी सांगत नसे, ‘ताऊन के पहले’ आणि ‘ताऊन के बाद’ असेच बोलत. तिच्या आईच्या लहानपणी लोक घरे सोडून शिवारात झोपड्या बांधून राहिले होते, हे मी कितीदा ऐकले आहे. त्यामुळे आलेखातला ठिपका मला नुसता ठिपका वाटला नाही, एवढेच.

निबंध लिहिणारे दोघेही मोठे विलक्षण होते. मॅकेंड्रिक लष्करी डॉक्टर. हिंदुस्थानात नोकरी केली, कसौलीच्या पाश्चर इन्स्टिट्यूटचे प्रमुख होते. तरुणपणी, १९०१ मध्ये, ते रोनाल्ड रॉस यांच्याबरोबर सिएरा लिओनला गेले होते. रॉस म्हणजे १८९७ मध्ये सिकंदराबादला डासाच्या पोटात मलेरियाचा जंतू शोधणारे. रॉस यांना पुढे गणिताचे वेड लागले. मलेरिया घालवायला शेवटचा डास मारावा लागत नाही, डासांची संख्या एका मर्यादेखाली आणली की पुरे, हे त्यांनी गणिताने मांडले. तेच वेड मॅकेंड्रिक यांनी उचलले. केरमॅक रसायनशास्त्रज्ञ. १९२४ मध्ये एडिंबरोच्या प्रयोगशाळेत अपघात झाला आणि त्यांची दृष्टी कायमची गेली. तेव्हा त्यांचे वय सव्वीस. म्हणजे मुंबईची ही रेषा छापून आली तेव्हा दोन लेखकांपैकी एकाला ती दिसत नव्हती. समीकरणे डोक्यात मांडायची, दुसऱ्याकडून वाचून घ्यायची. संगणक तर कोणापाशीच नव्हता.

मूळ कल्पना आठवीच्या मुलांना कळेल इतकी साधी आहे. गावातल्या माणसांचे तीन गट करा: ज्यांना रोग होऊ शकतो ते, ज्यांना झाला आहे ते, आणि जे बरे होऊन किंवा मरून बाजूला झाले ते. पहिल्या गटातून दुसऱ्यात किती जातील हे दोन्ही गट एकमेकांना किती भेटतात यावर ठरते. सुरुवातीला आजारी थोडे, म्हणून साथ हळू चालते. मग आजारी वाढतात आणि ती धावू लागते. पुढे लागण होण्याजोगी माणसेच कमी उरतात. एक आजारी माणूस बरा होण्याआधी किंवा मरण्याआधी सरासरी एकापेक्षा कमी जणांना रोग देऊ लागला की साथ उतरते. या दोघांनी दाखवले ते असे की साथ थांबते तेव्हा सगळ्यांना रोग होऊन गेलेला नसतो. बरेच जण अस्पर्श राहिलेले असतात. लस सगळ्यांना टोचली नाही तरी साथ अडू शकते, ती याच हिशोबाने.

आता त्या ठिपक्यांकडे येऊ. मृत्यू मोजायला कोणीतरी दारात जावे लागते. सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवीत डॉ. अकासियो व्हिएगस यांनी प्लेग ओळखला. ४ फेब्रुवारी १८९७ रोजी साथरोगांचा कायदा झाला आणि सरकारी पथके घरांत शिरू लागली. आजाऱ्याला उचलून इस्पितळात, बाकीच्यांना छावणीत, सामान जाळायला. पुण्यात रँडचे काय झाले ते शाळेत सगळेच शिकतात. मुंबईचे मात्र फारसे कोणी शिकवत नाही. मार्च १८९८ मध्ये मदनपुऱ्याच्या जुलाहा विणकरांच्या वस्तीत एका आजारी मुलीला तपासायला पथक आले, घरच्यांनी अडवले, दंगल पेटली, गोळीबार झाला. हे विणकर म्हणजे माझ्या मालेगावच्या मोमीनांसारखेच, उत्तरेतून हातमाग घेऊन आलेले. त्यांना अडाणी म्हणून हसणे सोपे आहे. परक्या पुरुषाने घरात घुसून मुलीच्या काखेत आणि जांघेत गाठ चाचपायची, हे आज तरी आपल्यातले किती जण चालवून घेतील? दुसरी बाजूही सांगायला हवी. याच शहरात आगाखानांनी हाफकीन यांची लस लोकांसमोर टोचून घेतली आणि प्रयोगशाळेसाठी आपली वास्तू दिली. समाज एकाच बाजूला उभा नव्हता.

पुढे सरकारने जबरदस्ती सैल केली. १९०५-०६ चे आकडे त्यानंतरचे आहेत. माणसे लपवायची थांबली तेव्हाच ठिपके रेषेवर बसण्याइतके खरे झाले असावेत, असा माझा अंदाज. अंदाजच आहे, पुरावा नाही.

खरी गंमत पुढेच आहे. गाठीचा प्लेग माणसाकडून माणसाला सहसा लागतच नाही. तो उंदरांचा रोग, पिसवांमार्फत माणसात येणारा. १९०५ पासून मुंबईत प्लेग संशोधनाचे जे मोठे काम झाले त्यात हजारो उंदीर तपासून हे पक्के झाले: आधी उंदीर मरतात, मग काही दिवसांनी माणसे. म्हणजे आलेखातली रेषा खरे तर उंदरांच्या साथीची सावली. केरमॅक आणि मॅकेंड्रिक यांना हे ठाऊक होते. सगळ्या उंदरांना लागण होण्याची शक्यता सारखी आहे, पिसवा इतक्या आहेत की उंदीर उंदराला थेट रोग देतो असे धरता येईल, रोगाचा जोर हंगामभर बदलत नाही, अशी आपली गृहीते त्यांनी उघड लिहिली. यातले एकही पुरते खरे नाही आणि म्हणून हे समीकरण ढोबळच समजावे, असेही तिथेच सांगितले. मला त्या निबंधातला हा भाग सगळ्यात आवडतो. पुढे पाठ्यपुस्तकांनी रेषा उचलली आणि ही कबुली मागे ठेवली.

निकोला बाकाएर या फ्रेंच गणितज्ञाने २०१२ मध्ये तो आलेख पुन्हा तपासला. मुंबईत प्लेग एकदाच आला नव्हता. वर्षामागून वर्ष तो हिवाळ्यात चढे आणि उन्हाळ्याच्या शेवटी उतरे. नुसती लागण होण्याजोगी संख्या घटल्याने तो उतरत असेल, तर दर वर्षी त्याच महिन्यांत कसा? यात मोठा हात ऋतूचा होता. कडक उष्म्यात पिसवांचे बळ जाते, आणि पुढच्या थंडीत पुन्हा सुरू. एकच हंगाम कापून घेतला म्हणून रेषा इतकी सुबक बसली. रेषा बसणे आणि कारण बरोबर असणे या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. शब्दांच्या शिक्षिकेला हे गणितवाल्यांनी शिकवले.

ऑक्टोबर २०२० मध्ये सरकारने नेमलेल्या तज्ज्ञांच्या समितीने मॉडेल मांडून सांगितले की शिखर गेले, फेब्रुवारीपर्यंत साथ जवळपास संपेल. फेब्रुवारीत विदर्भात रुग्ण वाढू लागले आणि पुढे काय झाले ते प्रत्येक घराला माहीत आहे. विषाणू बदलला होता. मॉडेलने जोर कायम धरला होता, १९०६ च्या पिसवांसारखाच.

त्याआधी सप्टेंबरात आम्हा शिक्षकांना वही आणि ऑक्सिमीटर देऊन घरोघर पाठवले होते. टीव्हीवर महिनोन्‌महिने एका जमातीचे नाव घेऊन रोग सांगितला गेला होता, त्यामुळे मोहल्ल्यात दारे अर्धीच उघडत. एका घरी ‘सब ठीक है, बाजी’ म्हणून मला चहाला बसवले. मी चहा घेतला, उठले नाही. दहा मिनिटांनी आतल्या खोलीतून खोकला आला आणि घरातली बाई माझ्याकडे बघतच राहिली. मग स्वतःच म्हणाली, ‘लिखो, लेकिन नाम मत बोलना.’ मी ऑक्सिमीटर घेऊन आत गेले. त्या दिवशी माझ्या वहीतला एक ठिपका खरा झाला.

यंदा वर्गातल्या मुलींना मी मोबाइलच्या एक्सेलमध्ये ते तीन गट मांडून दाखवले. पन्नास ओळींत फुगीर रेषा तयार झाली, सगळ्या खूश. एकीने विचारले, ‘मॅडम, यात उंदीर कुठे आहेत?’ आम्ही चौथा रकाना घातला, मग पिसवांसाठी पाचवा. सहावा थंडी-उन्हाचा. त्यानंतर रेषा वेडीवाकडी झाली, आणि घंटा वाजली तरी मुली उठेनात.