तळटीप : ल्यूथर पर्किन्स

ल्यूथर पर्किन्स (१९२८–१९६८) : जॉनी कॅशचा गिटारवादक, मूळचा मेम्फिसमधला मोटार मेकॅनिक. गॅरेजातलाच सोबती, बासवादक मार्शल ग्रँट आणि तो 'टेनेसी टू' या नावाने कॅशला साथ करत.

हात काही चपळ नव्हता. जाड तारा तळव्याने दाबून एकेक सूर आगगाडीच्या ठेक्यात सोडायचा, एवढाच कारभार. पण कॅशची गाणी चटकन ओळखू येतात ती त्यामुळेच! ड्रम नव्हताच, 'आय वॉक द लाइन'साठी (१९५६) कॅशने स्वतःच्या गिटारच्या तारांत कागद अडकवून वेळ निभावली.

जानेवारी १९६८मध्ये कॅशची फॉल्सम तुरुंगातली मैफल झाली, तिथेही साथीला पर्किन्स होता. ऑगस्टमध्ये पर्किन्स घराला लागलेल्या आगीत होरपळून गेला. सप्टेंबरात आर्कान्सामधल्या कार्यक्रमात प्रेक्षकांतून पुढे आलेला बॉब वूटन त्याच्या जागी उभा राहिला. रेकॉर्डी ऐकून पर्किन्सचं वादन त्याने आधीच उचललेलं होतं.